सत्तरीचा वाढदिवस आणि बर्फावरची कालवे

पत्राचा गोषवारा: बॉस्टनजवळ राहणाऱ्या एका वाचक भगिनीचे माहेर मालवण तालुक्यातले आहे. त्यांचे आईवडील एप्रिलपासून त्यांच्याकडे आले असून सप्टेंबरअखेर परत जाणार आहेत. वडिलांना पंधरा वर्षांपासून मधुमेह आहे आणि दोन वर्षांपूर्वी यकृताच्या सिरॉसिसची, म्हणजे यकृत हळूहळू कठीण आणि निकामी होत जाण्याच्या आजाराची, सुरुवात असल्याचे निदान झाले आहे. घरात मात्र ‘लिव्हर जरा सुजलंय’ एवढाच त्याचा उल्लेख होतो. जुलैअखेर वडिलांना सत्तर वर्षे पूर्ण होत आहेत. त्या दिवशी शहरातल्या एका जुन्या, नामांकित रॉ बारमध्ये नेऊन त्यांना बर्फावरची कच्ची कालवे (ऑयस्टर) खिलवायची, असा बेत जावयाने सर्वांसमक्ष जाहीर केला आहे. भगिनीने विरोध केला तेव्हा त्यांचे यजमान म्हणाले की, इथे रोज शेकडो लोक खातात, कुणाला काही होत नाही, शिवाय वर लिंबू पिळतात आणि सोबत वाइन असते. वडील म्हणाले, “जन्मभर कालवं खाल्ली, आता तू मला शिकवणार?” आई काहीच बोलली नाही. त्या दिवशी आधीच हॉटेलात फोन करून ‘आज कालवे संपली’ असे वडिलांना सांगायला लावावे, असा विचार भगिनीच्या मनात आहे. हे खोटे योग्य आहे का, की आपणच उगाच घाबरतो आहोत, असे त्या विचारतात.

सप्रेम नमस्कार.

तुमच्या दोन प्रश्नांपैकी दुसऱ्याचे उत्तर आधी देते, कारण ते सोपे आहे. तुम्ही उगाच घाबरत नाही. मी डॉक्टर नाही, खाण्यापिण्याविषयी लिहिणारी बाई आहे. पण ज्याच्या यकृताला सिरॉसिस आहे आणि ज्याला मधुमेहही आहे अशा माणसाने कच्चे कालव खाऊ नये, या बाबतीत अमेरिकेतल्या आरोग्य यंत्रणांचे म्हणणे अगदी स्पष्ट आहे. त्यात ‘थोडे चालेल’ किंवा ‘चांगल्या ठिकाणी चालेल’ अशी पळवाट ठेवलेली नाही. पहिल्या प्रश्नाचे उत्तर मात्र लांबेल. तुमच्या बेतात मला खटकते ते खोटे बोलणे. ते नैतिकदृष्ट्या वाईट आहे म्हणून मला खटकते असे नाही, तर त्याने बाबांचे रक्षणच होणार नाही म्हणून खटकते. जुलैमध्ये ‘संपलेली’ कालवे ऑगस्टमध्ये केप कॉड या समुद्रकाठच्या भागातल्या सहलीत पुन्हा पुढ्यात येतील, आणि तेव्हा फोन करायला तुम्ही बरोबर असालच असे नाही.

पत्रात चार गृहीतके आहेत. दोन तुमच्या यजमानांची, एक बाबांचे आणि एक तुमचे स्वतःचे. बाबांचे गृहीतक मला सर्वांत जवळचे वाटते, म्हणून तिथून सुरुवात करते.

समुद्रकाठच्या माणसाला स्वतःच्या नजरेवर भरवसा असतो, आणि तो खोटा नसतो. बाजारात मासा घेताना आपण कल्ले उघडून रंग पाहतो, डोळा पाहतो, बोटाने दाबून मांस परत वर येते का ते पाहतो. माझी वेंगुर्ल्याची मावशी टोपलीवर नुसती वाकली तरी सुरमई कालची की आजची, हे तिला वासावरून कळत असे. ही सगळी पारख मासा किती शिळा झाला आहे हे ओळखण्यासाठी आहे. कालवाच्या बाबतीत प्रश्न शिळेपणाचा नसतोच. बर्फावर मांडलेले कालव बहुधा काही मिनिटांपूर्वीपर्यंत जिवंत असते, त्याला समुद्राचा स्वच्छ, खारा वास येतो, आणि त्यात जिवाणू असलेच तर तेही तितकेच ताजे आणि जिवंत असतात. त्यांच्यामुळे रंग बदलत नाही, वास येत नाही, चवही बिघडत नाही. बाबांची चाळीस-पन्नास वर्षांची पारख इथे लागू पडत नाही, आणि यात त्यांच्या पारखीचा काही दोष नाही.

याचे कारण कालवाच्या खाण्याच्या रीतीत आहे. मासा हिंडून भक्ष्य शोधतो. कालव एका जागी बसून पाणी गाळते. अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरचे एक पूर्ण वाढलेले कालव अनुकूल हवामानात दिवसाला १९० लिटरपर्यंत पाणी गाळू शकते. त्या पाण्यातले सूक्ष्म शेवाळ त्याचे अन्न. पण शेवाळाबरोबर पाण्यात जे जे असेल ते ते त्याच्या अंगात साठत जाते. शिवाय माशाचे पोट आपण साफ करून टाकतो, कालव मात्र आतड्यासकट गिळतो. म्हणून कच्चे कालव खाणे म्हणजे ते ज्या पाण्यात वाढले त्या पाण्याचा अर्क पिणे होय, असे मी समजते.

त्या पाण्यातून दोन निरनिराळ्या प्रकारची संकटे येऊ शकतात, आणि घरातल्या वादांमध्ये त्यांची नेहमी गल्लत होते. पहिले संकट माणसाच्या सांडपाण्यातून येते: जुलाब-उलट्या करणारा नोरोव्हायरस, कावीळ अ, आणि पूर्वीच्या काळी विषमज्वर. १९२४-२५ च्या हिवाळ्यात न्यूयॉर्क, शिकागो आणि वॉशिंग्टन या शहरांत दूषित कालवांमुळे विषमज्वराची साथ पसरली; सुमारे १५०० लोक आजारी पडले आणि १५० च्या आसपास दगावले. त्या धक्क्यातूनच शिंपल्यांच्या पाण्यावर सरकारी देखरेख ठेवण्याची अमेरिकेतली व्यवस्था उभी राहिली. दुसरे संकट व्हिब्रिओ नावाच्या जिवाणूंचे. ते सांडपाण्यातून येत नाहीत; ते समुद्राचे आणि खाडीचे मूळ रहिवासी आहेत, आणि पाणी कोमट झाले की वाढतात. त्यामुळे ‘इथला समुद्र किती स्वच्छ आहे बघा’ हा युक्तिवाद पहिल्या संकटापुरता थोडाफार टिकतो; दुसऱ्यापुढे त्याचा काहीच उपयोग नाही. काचेसारख्या नितळ पाण्यातही व्हिब्रिओ असू शकतो.

आता तुमच्या यजमानांचा मुद्दा. जुने, मोठे, गर्दीचे ठिकाण सुरक्षित असते, असे ते म्हणतात. बॉस्टनमध्ये १८२६ पासून चालू असलेले युनियन ऑयस्टर हाउस आहे, आणि त्याच्या अर्धगोल बारवर बसून एकोणिसाव्या शतकातला नामवंत राजकारणी डॅनियल वेबस्टर प्रत्येक अर्ध्या डझन कालवांमागे पाणी घातलेल्या ब्रँडीचा एक पेला रिचवीत असे, ही कथा तिथे अभिमानाने सांगितली जाते. एवढी परंपरा असलेल्या शहरात यजमानांना विश्वास वाटणे स्वाभाविक आहे, आणि तो अगदीच निराधारही नाही. कालवांच्या प्रत्येक पोत्याला एक पट्टी बांधलेली असते. तिच्यावर ती कुठल्या पाण्यातून, कुठल्या तारखेला काढली आणि कुठल्या परवानाधारक व्यापाऱ्याकडून आली हे लिहिलेले असते, आणि पोते संपल्यावरही हॉटेलला ती पट्टी ९० दिवस जपून ठेवावी लागते. मॅसॅच्युसेट्समध्ये मे ते ऑक्टोबर या काळात काढलेली कालवे दोन तासांच्या आत बर्फात ठेवण्याचा नियम आहे, कारण थंडीत व्हिब्रिओ मरत नसला तरी वाढायचा थांबतो. शंका आली की त्या पाण्यातली काढणी बंद केली जाते. २०१३ च्या उन्हाळ्याअखेर डक्सबरी आणि प्लिमथच्या परिसरात व्हिब्रिओमुळे तसे झाले होते, आणि ऑक्टोबर २०१६ मध्ये केप कॉडवरच्या वेलफ्लीट गावची कालवे नोरोव्हायरसमुळे बंद झाली ती नेमकी तिथल्या कालव-महोत्सवाच्या तोंडावर.

ही व्यवस्था चांगली आहे; आपल्याकडे खाडीकाठी वाटा लावून विकल्या जाणाऱ्या कालवांमागे असे काहीही नसते. पण ती कोणासाठी आखली आहे ते नीट पाहावे. निरोगी माणसाचा धोका बराच कमी करावा, आणि कोणी आजारी पडलेच तर पोते कुठल्या पाण्यातले हे शोधता यावे, एवढाच तिचा हेतू आहे. धोका शून्यावर आणल्याचा दावा ती करीत नाही. याची कबुली मेनूवरच छापलेली असते: कच्च्या पदार्थाच्या नावापुढे बारीकशी चांदणी, आणि पानाच्या तळाला अगदी लहान टायपात तिचा अर्थ. ती चांदणी आपण कोणी वाचत नाही. तुमच्या यजमानांना एकदा ती वाचायला सांगा. ते स्वतः निरोगी असतील तर वाचून झाल्यावर अर्धा डझन खुशाल मागवोत. त्यांच्या वाट्याला येऊ शकणारा त्रास बहुधा दोन-तीन दिवस जुलाब-उलट्यांचा असेल, आणि तेवढी जोखीम जाणूनबुजून घेण्याचा अधिकार त्यांना आहे. ‘रोज शेकडो लोक खातात’ हे त्यांचे वाक्य खरेच आहे. फक्त त्या शेकडो लोकांत सिरॉसिसचे किती, हा प्रश्न त्यांनी स्वतःला विचारलेला नाही.

बाबांचे प्रकरण निराळे पडते ते यकृतामुळे. आतड्यातून रक्तात शिरणाऱ्या जिवाणूंना अडवण्याचे बरेचसे काम यकृत करते. सिरॉसिसमध्ये हा पहारा ढिला होतो. शिवाय यकृताच्या आजारात रक्तातले लोह वाढलेले असू शकते, आणि व्हिब्रिओ व्हल्निफिकस हा यांतला सर्वांत घातक जिवाणू लोहावर पोसतो. निरोगी माणसाला हा जिवाणू सहसा फारसे काही करीत नाही. बाबांसारख्या माणसात मात्र तो रक्तात शिरू शकतो आणि एक-दोन दिवसांत ताप, थंडी, रक्तदाब कोसळणे, त्वचेवर मोठे फोड असे भयंकर रूप घेऊ शकतो. या जिवाणूची लागण झालेल्यांपैकी साधारण पाचातला एक दगावतो. आधीच यकृत दुखावलेले असताना जिवाणू रक्तात पोचला तर हे प्रमाण निम्म्याच्या आसपास जाते.

इथे तुमचे यजमान एक आक्षेप घेतील, आणि तो रास्त आहे. हा जिवाणू मुख्यतः मेक्सिकोच्या आखातातल्या उबदार पाण्यातला आहे. बॉस्टनच्या बारमध्ये बहुतेक कालवे थंड उत्तरेकडची असतात. म्हणजे त्या विशिष्ट टेबलावर त्या विशिष्ट कालवात तो असण्याची शक्यता कमी, हे मला मान्य आहे. पण कालवे ट्रकमधून आणि विमानातूनही प्रवास करतात, मेनूवरचे नाव दरवेळी शेजारच्या खाडीचे नसते, आणि उत्तरेकडचे पाणीही पूर्वीइतके थंड राहिलेले नाही. २०२३ च्या उन्हाळ्यात न्यूयॉर्क आणि कनेटिकटमध्ये याच जिवाणूने बळी घेतले. शक्यता कमी, पण घडले तर नुकसान भरून न येणारे, असा हा हिशेब आहे. तुलनेला कॅलिफोर्नियाचे उदाहरण बोलके आहे. आखातातली कालवे एप्रिल ते ऑक्टोबर या काळात प्रक्रिया केल्याशिवाय कच्ची विकायची नाहीत, असा नियम त्या राज्याने २००३ मध्ये केला, आणि तिथे कालवांतून होणारी ही लागण एकदम खाली आली.

लिंबू, तिखट सॉस आणि वाइन यांबद्दल फार लिहायला नको. यांतल्या कशानेही व्हिब्रिओ मरत नाही. दारू तर बाबांच्या यकृताला तशीही वर्ज्यच असणार, तेव्हा तो युक्तिवाद बाबांच्या उपयोगाचा नव्हताच.

‘जन्मभर खाल्ली’ याचे काय करायचे? हे वाक्य तोडून टाकू नका, उलट बाबांना त्याबद्दल अधिक विचारा. त्यांनी जन्मभर खाल्लेली कालवे कशी शिजत होती? ओहोटीला खडकावर बसून फोडलेले एखादे कालव तिथल्या तिथे तोंडात टाकणे हा पोरवयातला उद्योग होता. घरात आली ती कालवे भाजलेल्या खोबऱ्याच्या वाटणात आणि आमसुलात रटरट उकळूनच पानात पडत होती. कोकणच्या स्वयंपाकघराने कच्च्या कालवाला कधी पान मांडले नाही. तेव्हा बाबा ज्याचा दाखला देत आहेत ती परंपरा खरे म्हणजे तुमच्या बाजूची आहे. आणि खडकावरचे ते कालव खाणाऱ्या पोराचे यकृत दहा वर्षांचे होते, हेही तितकेच खरे. सवयीने पोट काही किरकोळ गोष्टींना सरावते, पण सिरॉसिस झालेल्या यकृताला सवयीने बळ येत नाही.

महिन्याबद्दलही एक गोष्ट सांगते, कारण ती बाबांना आवडेल. इंग्रजी नावात ‘र’ नसलेल्या महिन्यांत, म्हणजे मे ते ऑगस्ट, कालवे खाऊ नयेत असा इकडे जुना दंडक होता. त्या काळात कालवांची वीण असते, ती पातळ आणि दुधाळ होतात, आणि बर्फाची सोय नसताना उन्हाळ्यात ती टिकतही नसत. आता वीण न होणारी, त्रिगुणित जातीची कालवे शेतीत वाढवतात, त्यामुळे जुलैतही ती भरदार मिळतात आणि दंडक विस्मरणात गेला. व्हिब्रिओने मात्र आपले वेळापत्रक बदललेले नाही. त्याच्या लागणीचा हंगाम अजूनही मे ते ऑक्टोबर हाच आहे. पावसाळ्यात गढूळ झालेल्या खाडीतली कालवे बाबांच्या आईने कधी घरात घेतली असती का, हे त्यांनाच विचारून पाहा.

आता तुमचे गृहीतक. तुम्ही असे धरून चालला आहात की, बाबांना खरे सांगितले तर ते ऐकणार नाहीत, म्हणून त्यांच्या पाठीमागे व्यवस्था करायला हवी. पण पत्र पुन्हा वाचल्यावर मला असे दिसले की, त्यांना अजून कोणी खरे सांगितलेलेच नाही. ‘नको’ एवढेच सांगितले आहे. ‘लिव्हर जरा सुजलंय’ या वाक्यात सिरॉसिस कुठे आहे? ज्या माणसाला आपले लिव्हर फक्त जरासे सुजले आहे असे वाटते, त्याला मुलीची मनाई ही म्हातारपणी सुरू झालेली आणखी एक शिस्त वाटणार. साखर मोज, चाल, गोळ्या घे, आणि आता कालवेही नकोत! त्यांचा राग मला पूर्ण समजतो.

तेव्हा वाढदिवसाच्या निदान दोन आठवडे आधी, आणि तुमच्या तोंडून नव्हे, तर त्यांच्या गावाकडच्या डॉक्टरांच्या तोंडून त्यांना हे ऐकू द्या. व्हिडिओ कॉलवर पंधरा मिनिटे पुरतील. डॉक्टरांना आधी कळवून ठेवा की प्रश्न कच्च्या शिंपल्यांचा आहे आणि आजाराचे नाव घेऊन बोलायला हवे. आईला त्या कॉलवर बसवा; तिचे मौन म्हणजे संमती आहे की भीती, हेही तेव्हा कळेल. जावयालाही बसवा, कारण बेत त्याने जाहीर केला आहे आणि सन्मानाने मागे घेण्याची संधीही त्यालाच मिळायला हवी. “बाबा, मला हे माहीत नव्हतं,” एवढे एक वाक्य त्याने म्हटले तर तुमचे निम्मे काम होईल.

हे सगळे ऐकूनही बाबा म्हणाले की, सत्तर वर्षे झाली, आता जे व्हायचे ते होवो, मला एक तरी कालव खायचेच आहे, तर? तसे ते म्हणू शकतात, आणि शुद्धीवर असलेल्या प्रौढ माणसाच्या ताटातून हिसकावून घेण्याचा अधिकार आपल्याला नाही. पण त्यांच्या निर्णयाचा मान ठेवणे वेगळे आणि आपल्या हाताने मागवून त्यांच्यापुढे बशी सरकवणे वेगळे. मी तुमच्या जागी असते तर तसे सरळ सांगितले असते: मी मागवणार नाही, यजमानांनीही मागवू नये, आणि त्या संध्याकाळी टेबलावर कोणासाठीही कच्चे काही येणार नाही. प्रचंड दाबाखाली किंवा सौम्य उष्णतेने प्रक्रिया केलेली कालवे मिळतात, त्यांत व्हल्निफिकसचा धोका बराच घटतो. पण विषाणूंची हमी त्यांतही नसते, त्यामुळे सिरॉसिसच्या रुग्णासाठी ती मला पळवाटच वाटते.

बेत मात्र रद्द करू नका. नाव रॉ बार असले तरी तिथे पुष्कळसे पदार्थ शिजवलेले असतात, आणि ते ओळखता आले की संध्याकाळ हातची जात नाही. थंडगार कोळंबी आणि लॉबस्टर उकडून मग गार केलेले असतात. खेकड्याचे आकडेही बहुधा शिजवलेलेच येतात. ‘स्टीमर्स’ म्हणजे मऊ कवचाच्या शिंपल्या, वाफवून त्यांच्याच पाण्यासह आणि लोण्यासह येतात. त्या सोलून, पाण्यात बुचकळून खाण्यात बाबांचा पाऊण तास मजेत जाईल. क्लॅम चाउडर म्हणजे शिंपल्यांचे दाट सूप आहे, तळलेल्या शिंपल्या आहेत, कवचातच मसाला भरून भट्टीत भाजलेल्या मोठ्या शिंपल्या आहेत. सावध राहायचे ते अर्धकच्च्या गोष्टींबाबत. सेविचे म्हणजे लिंबात मुरवलेली कच्ची मासळी, ती शिजवलेली नसते. पालक-लोणी घालून वरून जरासे भाजलेले कालव आतून थंडच राहिलेले असू शकते. अर्धवट वाफवणे किती महागात पडू शकते हे १९८८ मध्ये शांघायने पाहिले. गरम पाण्यातून नुसत्या काढून घेतलेल्या शिंपल्यांनी तिथे सुमारे तीन लाख लोकांना कावीळ अ झाली होती. दुसरी खबरदारी ताटाची. बर्फाच्या मोठ्या थाळीत कच्ची कालवे आणि उकडलेली कोळंबी शेजारीशेजारी मांडतात आणि वितळलेले पाणी एकमेकांत जाते. म्हणून बाबांची कोळंबी वेगळ्या बशीत मागवा.

आणि कालवांची हौस घरी भागवा. इथल्या मासळीच्या दुकानात सोललेली कालवे जवळजवळ अर्ध्या लिटरच्या डब्यात मिळतात. आमसूल आणि मालवणी मसाला आईच्या बॅगेतून आलाच असेल. रस्सा खळखळ उकळू लागल्यावर कालवे सोडा आणि निदान तीन मिनिटे चांगली उकळू द्या. कडा वळल्या म्हणजे शिजली. घरात बाबा असताना मी तरी दोन मिनिटे जास्तच देईन, थोडी चिवट झाली तरी चालतील. आपल्याकडच्या तिसऱ्यांसारख्या शिंपल्या हव्या असतील तर लिटलनेक नावाच्या लहान शिंपल्या आणा. एकशिपी (मांस एकाच शिंपीत ठेवून केलेले कालवण) करताना त्या कच्च्याच विळीवर उघडण्याची आपली पद्धत या घरात बाजूला ठेवा, कारण मधुमेह आणि यकृताचा आजार असलेल्या माणसाच्या हाताला शिंपल्याची कड लागली तर तोच व्हिब्रिओ जखमेतूनही शिरतो. उकळत्या पाण्यात त्या उघडू द्या, उघडल्यावर आणखी तीन ते पाच मिनिटे शिजवा, न उघडलेल्या फेकून द्या. हाताळताना बाबांनी जाड हातमोजे घालावेत. केप कॉडला गेलात तर ओहोटीच्या वेळी वेलफ्लीटच्या पुळणीवर कालवांच्या शेतीचे पिंजरे पाहायला त्यांना जरूर न्या, मात्र पायाला जखम असेल तर पाण्यात उतरू देऊ नका.

अशाच पेचात असलेल्या इतर वाचकांसाठीही थोडे लिहिते. यकृताचा कोणताही जुना आजार, मधुमेह, कर्करोगाचे उपचार, प्रतिकारशक्ती दाबणारी औषधे, रक्तात लोह साठण्याचा विकार, गर्भारपण, आणि आम्ल कमी करणाऱ्या गोळ्या रोज घेणे, यांपैकी काहीही असेल तर कच्चे शिंपले टाळावेत. आपल्या समाजात फॅटी लिव्हर आणि मधुमेह इतके पसरले आहेत की चाळिशीतल्या ‘मी अगदी ठणठणीत’ म्हणणाऱ्या मंडळींनीही आधी रक्ततपासणीचा कागद पाहावा. खाणाऱ्याने पट्टी दाखवा म्हणायला लाजू नये; चांगल्या ठिकाणी त्याचा राग येत नाही. कच्चे शिंपले खाल्ल्यावर दोन दिवसांत ताप, थंडी किंवा त्वचेवर फोड दिसले तर सकाळची वाट न पाहता आपत्कालीन विभाग गाठावा आणि पहिल्याच वाक्यात ‘कच्चे कालव खाल्ले होते, यकृताचा आजार आहे’ असे सांगावे. त्या एका वाक्याने योग्य प्रतिजैविक सुरू व्हायचे तास वाचतात. आईवडिलांसाठी घेतलेल्या विम्यात आधीपासूनच्या आजारांना बहुधा फारच तोकडे संरक्षण असते, तेही कागद काढून वाचावे.

राहता राहिला तुमचा फोन. तो कराच, फक्त मजकूर बदला. पाहुण्यांमध्ये यकृताचा रुग्ण आहे, शिजवलेल्या गोष्टी वेगळ्या ताटात लागतील, हे सांगा आणि काउंटरवर कालवे फोडणाऱ्याच्या अगदी समोरच्या खुर्च्या मागा. बिजागरीत सुरी घालून, मनगट फिरवून, आतले पाणी न सांडता कालव उघडणारा हात बाबांना जवळून पाहायला मिळेल, आणि तो कितपत बरा आहे यावर त्यांचे मतही नक्कीच असेल.